तान्ह्या पोळ्याचे फोटो टाकण्याआधी: लेकरांचं काय काय उघडं पडतं?

गोरेवाडा_वाट

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी तान्हा पोळा. नागपुरातल्या जवळपास प्रत्येक लेआउटमध्ये त्या संध्याकाळी लेकरं लाकडी नंदी घेऊन जमतात, सजावटीला आणि वेशभूषेला बक्षिसं लागतात, मग घरोघरी बोजारा (लेकरांना मिळणारी भेट). रात्री दहाच्या आत सगळ्यांचे फोटो फेसबुकवर, इन्स्टावर, व्हॉट्सॅपच्या स्टेटसला. आईबाबा टाकतात, मंडळही टाकतं. यंदा मंडळासाठी फोटोंचे नियम लिहून काढायचे आहेत. आईबाबांनी स्वतः काय टाकावं, काय नाही, हेही त्यातच येतं, म्हणून हा धागा.

नेहमीचा एक फोटो डोळ्यासमोर आणा. धोतर-फेटा घातलेलं पाच वर्षांचं पोरगं, हातात दोरी, दोरीला चाकांचा नंदी, शिंगांना बेगड. मागे लेआउटची कमान, कमानीवर नाव. कडेला घरची स्कूटर, एमएच ४९ पासून पुढचा अख्खा नंबर दिसतोय. खाली मजकूर: आमच्या पिल्लूला पहिलं बक्षीस, केजी टू, अमुक शाळा, क्लास टीचरचे आभार.

चेहरा सोडून द्या. अनोळखी माणसाला एवढ्यातून काय मिळालं? घर कुठे ते, घरची गाडी, शाळा, वर्ग, बाईंचं नाव आणि घरात हाक मारतात ते लाडाचं नाव. शेवटची गोष्ट सगळ्यात नाजूक. ‘अनोळखी माणसासोबत जायचं नाही’ असं आपण लेकरांना शिकवतो, पण लेकराच्या हिशेबात ‘पिल्लू’ म्हणून हाक मारणारा, बाईंचं नाव घेणारा माणूस अनोळखी राहतच नाही.

मंडळाच्या यादीची तऱ्हा वेगळीच. मुलाचं पूर्ण नाव, वडिलांचं नाव, वय, शाळा, प्लॉट नंबर, असा तक्ता करून थेट फेसबुकच्या पानावर.

आतापर्यंत ठरलेलं इतकंच: मजकुरात शाळा आणि पत्ता नको, गाडीचा नंबर चौकटीबाहेर, यादीत आडनावाऐवजी स्पर्धेचा क्रमांक. पुढचं जाणकारांनी सांगावं. तांत्रिक, कायद्याचं, आणि मुळात हे नैतिकदृष्ट्या बरोबर की चूक, तिन्ही.

विदा_सांभाळ

भाऊ, फोटोत दिसतं त्याशिवाय फोटोच्या फाइलमध्येही बरंच असतं. कॅमेऱ्याचं लोकेशन चालू असेल तर अक्षांश-रेखांश फाइलमध्ये लिहिले जातात. नागपूर म्हणजे ढोबळमानाने २१.१४ उत्तर, ७९.०८ पूर्व. पण फाइलमध्ये दशांश चिन्हापुढे दोन आकडे नसतात, बरेच जास्त असतात. चौथ्या आकड्याला नेम साधारण ११ मीटरवर येतो, पाचव्याला सुमारे एक मीटरवर. म्हणजे लेआउट तर सोडाच, कुठल्या घराचं अंगण तेही सांगता येतं.

कुठून पाठवल्यावर ही माहिती जाते आणि कुठून राहते, यात लोकांची नेहमी गफलत होते. व्हॉट्सॅपवर ‘फोटो’ म्हणून पाठवला तर तो दाबून पाठवला जातो आणि लोकेशन गळून पडतं. तोच फोटो क्वालिटी राहावी म्हणून ‘डॉक्युमेंट’ म्हणून पाठवला, ईमेलला जोडला किंवा ड्राइव्हवर ठेवून लिंक दिली, तर मूळ फाइल जशीच्या तशी जाते, लोकेशनसकट. मंडळाचे हौशी फोटोग्राफर नेमकं हेच करतात. फेसबुक-इन्स्टावर बघणाऱ्याला फाइलमधलं लोकेशन मिळत नाही, पण अपलोड करताना ते कंपनीच्या हाती गेलेलं असतं.

उपाय मुळाशी करा. अँड्रॉइडवर कॅमेऱ्याच्या सेटिंगमध्ये लोकेशन टॅग बंद. आयफोनवर सेटिंग्ज, प्रायव्हसी, लोकेशन सर्व्हिसेस, कॅमेरा, तिथे ‘नेव्हर’. जुन्या फोटोंसाठी आयफोनच्या शेअर करण्याच्या पडद्यावर वर ‘ऑप्शन्स’ असतं, त्यात लोकेशन बंद करून मग पाठवायचं.

आता झाकण्याबद्दल. शाळेचं ओळखपत्र किंवा गाडीचा नंबर पुष्कळ जण फोनमधल्या हायलायटरने काळा करतात. तो पेन अर्धपारदर्शक असतो. दोन-तीनदा फिरवल्यावर डोळ्याला काळं दिसतं, पण उजेड आणि कॉन्ट्रास्ट वाढवला की अक्षरं परत वर येतात. भरीव चौकोन ठेवा, आणि त्या चित्राचा स्क्रीनशॉट काढून तोच पाठवा. वर्डमध्ये फोटो कापून यादी बनवणाऱ्यांनी जास्त जपावं: वर्डमध्ये क्रॉप केलेला भाग फक्त लपतो, फाइलमध्ये शिल्लक असतो. ‘डिलीट क्रॉप्ड एरियाज’ केल्याशिवाय जात नाही. २०२३ मध्ये पिक्सेल फोनच्या स्क्रीनशॉट कापायच्या सोयीतही असाच दोष सापडला होता, कापलेला भाग परत काढता येत होता.

आणखी एक, सहसा कुणाच्या लक्षात न येणारं. आयफोनचा ‘लाइव्ह’ फोटो म्हणजे क्लिकच्या आधीचे दीड आणि नंतरचे दीड सेकंद, आवाजासकट. ‘अगं, इकडे बघ नं’ म्हणत मारलेली हाक, नावासकट, त्यात असते. अल्बममध्ये टाकण्याआधी लाइव्ह बंद करा.

इतवारीकर

राजेहो, सगळं पटलं, तरी एक गोष्ट मांडतोच. तान्हा पोळा हा मुळात लेकरांनी मिरवायचा सण आहे. भोसल्यांच्या काळापासून पोट्टे नटून-थटून रस्त्यावर येतात, अख्खा मोहल्ला बघतो, नावानं हाक मारतो, बोजारा देतो. ज्या गावात पन्नास घरं लेकराला ओळखतात ते गाव लेकरासाठी सुरक्षित असतं. आता चेहरे झाका, नावं लपवा, यादीत फक्त क्रमांक लिहा म्हटलं, तर बक्षीस मिळवणाऱ्या पोराला काय वाटेल? त्याच्या आजीला काय वाटेल? पेपरात नाव छापून येणं ही आपल्याकडे पिढ्यान्‌पिढ्या कौतुकाची गोष्ट राहिली आहे. भीतीपोटी कौतुकच आटायला नको.

महालची_लेक

इतवारीकर दादा, तुमचा मुद्दा खरा आहे आणि तो सोडून नियम करू नयेत. फक्त मोहल्ल्यातलं बघणं आणि नेटवरचं बघणं यांत फरक काय, तेवढं मांडते.

मोहल्ल्यात बघणाऱ्याला लेकरूही बघत असतं. कोण बघतंय ते त्याच्या आईला दिसतं. दुसऱ्या दिवशी ते दृश्य सरतं, आठवण उरते. नेटवर बघणारा दिसत नाही, दृश्य सरत नाही, आणि नाव टाकून शोधता येतं. पेपर रद्दीत जात होता. यादीचं पान दहा वर्षांनीही पहिल्या शोधात वर येऊ शकतं.

यात एक नवी भर पडली आहे. २०२४ मध्ये ह्यूमन राइट्स वॉच या संस्थेने लायन-५बी नावाचा, एआयला चित्रं शिकवायला वापरलेला मोठा साठा तपासला. त्यात ब्राझील आणि ऑस्ट्रेलियातल्या खऱ्या मुलांचे फोटो निघाले. काही घरगुती ब्लॉगवरचे, काही मोजक्याच लोकांनी पाहिलेल्या व्हिडिओंमधले. काही फोटोंसोबत मुलांची नावंही होती. टाकणाऱ्या आईबाबांनी ते एआयसाठी टाकले नव्हते. अंगावर कपडे असलेल्या साध्या फोटोपासून नग्न चित्र बनवणारी साधनं आज सहज मिळतात, त्यामुळे ‘आमच्या फोटोत वावगं काहीच नाही’ हा दिलासा आता पुरत नाही.

पण सुरक्षितता हा अर्धाच प्रश्न झाला. उरलेला अर्धा मला जास्त महत्त्वाचा वाटतो: लेकराची आब. बोरन्हाणाचा फोटो बघा. हलव्याचे दागिने, काळं झबलं, डोक्यावरून बोरं-चुरमुरे पडताहेत, किती गोड. आणि त्याच दिवशी, त्याच अल्बममध्ये, त्याच बाळाचा उघड्या अंगाने टबात बसलेला व्हिडिओ. पहिला फोटो सणाचा आहे. दुसरा त्या बाळाच्या देहाचा आहे, आणि तो दाखवायचा हक्क आईबाबांना कुणी दिलेला नाही. हट्टाने जमिनीवर लोळणारं पोर, अंथरूण ओलं केल्यावर रडणारी मुलगी, पाढे चुकल्यावर घाबरलेला चेहरा, डॉक्टरांनी सांगितलेलं निदान, परीक्षेचे मार्क, पहिली पाळी. यांतलं काहीही आपल्याबद्दल आपल्या वरिष्ठांनी ऑफिसच्या ग्रुपवर टाकलं तर आपण सहन करू का? लेकराला नकार देता येत नाही म्हणून ते चालतं असं होत नाही. उलट म्हणूनच आपण जास्त हात राखायला हवा.

एक कसोटी वापरून बघा. हा फोटो हेच मूल पंधरा वर्षांचं असताना, त्याच्या वर्गातल्या सगळ्यात खोडसाळ पोराच्या हाती लागला, तर? तान्ह्या पोळ्याचा फेटा यात सहज पास होतो. टबातला व्हिडिओ होत नाही.

जिल्हाकोर्ट_कट्टा

कायद्याचं नेमकं सांगतो, कारण ‘आमचं मूल, आमची मर्जी’ आणि ‘आता सगळ्यावर बंदी आहे’ ही दोन्ही विधानं चूक आहेत.

२४ ऑगस्ट २०१७ ला सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने पुट्टस्वामी खटल्यात खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. त्याला वयाची अट नाही. बालहक्कांच्या आंतरराष्ट्रीय करारात भारत १९९२ मध्ये सामील झाला. त्याचं कलम १६ मुलाच्या खासगीपणाचं आणि कलम १२ त्याचं म्हणणं ऐकून घेण्याचं. पण ‘आईबापांनी फोटो टाकू नये’ असा थेट कायदा आपल्याकडे नाही. फ्रान्सने फेब्रुवारी २०२४ मध्ये मुलाच्या प्रतिमेचा हक्क आईवडिलांनी मिळून जपावा असा कायदा केला, तसं काही इथे झालेलं नाही. इथे पालकत्वाच्या कायद्यातलं तत्त्व लागू पडतं: १९५६ च्या हिंदू अज्ञानत्व व पालकत्व कायद्यात मुलाचं हित सर्वोपरि आहे, पालक हा विश्वस्त आहे. आईबाप वेगळे झाले असतील आणि फोटोंवरून वाद असेल, तर ताब्याच्या अर्जातच कुटुंब न्यायालयाकडे फोटोंबद्दलची अट मागता येते.

२०२३ चा डिजिटल वैयक्तिक विदा (म्हणजे डेटा) कायदा आईबाबांच्या निव्वळ घरगुती वापराला लागू नाही. संस्थांना लागू आहे: शाळा, प्लेग्रुप, फोटो स्टुडिओ, क्लासेस, आणि विदा घरगुती कामापलीकडे वापरणारं मंडळ. या कायद्यात १८ वर्षांखालचं प्रत्येक जण मूल. मुलाची विदा वापरायला पालकाची पडताळता येणारी संमती हवी. मुलांबाबतची बंधनं मोडली तर दंड २०० कोटींपर्यंत. नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये आले आणि मुख्य बंधनांना त्यांत १८ महिन्यांची मुदत दिली आहे. मंडळाने ती मुदत संपायची वाट बघू नये, संमतीचा कागद यंदाच करावा.

दोन गोष्टी मात्र आजही थेट गुन्हा आहेत. गुन्ह्यात सापडलेल्या किंवा पीडित मुलाची ओळख उघड करणं, बाल न्याय कायदा २०१५ चं कलम ७४: सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. ‘मूल हरवलं होतं, सापडलं’ हे कळवताना सापडलेल्या मुलाचा फोटो आणि घडलेली हकीकत फिरवत राहणारे लोक कधी कधी नकळत याच कलमात येतात. मूल घरी पोचलं की आधीचा संदेश सगळीकडून काढून टाकायचा. दुसरं, मुलांची लैंगिक चित्रं: माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७ब आणि पॉक्सो. सप्टेंबर २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने अशी सामग्री जवळ ठेवणं, बघणं हेही गुन्ह्यात धरलं आहे.

गोरेवाडा_वाट

कट्टा भाऊ, शाळेच्या प्रवेश अर्जात एक ओळ असते, ‘पाल्याचे छायाचित्र प्रसिद्धीसाठी वापरण्यास हरकत नाही’. त्यावर सही करावीच लागते का?

जिल्हाकोर्ट_कट्टा

संमती मोकळी आणि नेमक्या कामापुरती हवी, हे नव्या कायद्याचं सूत्र आहे. प्रवेशासाठी प्रसिद्धीची संमती गरजेची नाही. ती ओळ खोडून शेजारी सही करा, किंवा ‘वर्गाच्या अंतर्गत वापरापुरती’ असं हाताने लिहा आणि अर्जाची झेरॉक्स घरी ठेवा. शिक्षणसंस्थांना नियमांत काही सूट आहे, पण ती शिक्षणाच्या आणि मुलांच्या सुरक्षिततेच्या कामापुरती आहे. चौकातल्या फ्लेक्सला आणि रीलला ती मिळत नाही. आधी दिलेली संमती मागेही घेता येते, मुख्याध्यापकांना लेखी द्यायची आणि पोच घ्यायची.

बालवाडी_ताई

शाळेच्या बाजूने सांगते. एकाच ओळीत सगळी संमती मागितली की आईबाबा एक तर डोळे मिटून सही करतात, नाही तर घाबरून सगळ्यालाच नाही म्हणतात. मग वर्गाचा साधा तक्ताही करता येत नाही. चार चौकटी वेगळ्या ठेवा: वर्गातली भिंत आणि प्रगतिपुस्तक, पालकांचा बंद ग्रुप, शाळेची वेबसाइट आणि सोशल मीडिया, जाहिरात-फ्लेक्स. प्रत्येकीपुढे हो-नाही आणि सही. वर्षातून एकदा, जून-जुलैत, नव्याने भरून घ्यायचं, कारण घरची परिस्थिती बदलते. ज्यांचं तिसऱ्या चौकटीला ‘नाही’ आहे त्यांची यादी फोटो काढणाऱ्याच्या हाती कार्यक्रमाआधी द्यायची. ही पायरी राहून जाते आणि मग रात्री फोटो काढून टाका म्हणून फोन येतात. स्नेहसंमेलनात अशा लेकराला कोपऱ्यात उभं करू नका! नाचाचे दोन फोटो काढा, एक सगळ्यांचा घरच्यांसाठी, एक पाठीमागून किंवा दुरून, प्रसिद्धीसाठी.

आणि लेकराला विचारणं. लोक म्हणतात तीन वर्षांच्या पोराला काय कळतं. त्याला इंटरनेट कळत नाही, पण ‘हा फोटो मावशीला दाखवू का?’ एवढं कळतं. विचारा, आणि ‘नको’ म्हणालं तर खरोखरच पाठवू नका. एकदा ‘नको’ म्हटल्यावरही पाठवला, की त्याने शिकायचं ते शिकलेलं असतं: माझ्या नकाराला किंमत नाही. ‘चांगला-वाईट स्पर्श’ शिकवताना आपण ज्या नकाराची सवय लावतो, तो हाच नकार आहे. पाच-सहा वर्षांचं झालं की माणसांची नावं घेऊन विचारा, ‘शाळेतल्या आईबाबांच्या ग्रुपवर टाकू का, तिथे तुझ्या मित्रांच्या आया बघतील.’ आठ-नऊपासून पोरं लाजतात, तेव्हा मजकूरही वाचून दाखवा, कारण पुष्कळदा फोटो चालतो, खालची गंमत चालत नाही. दहाच्या पुढे जुने फोटो त्यांच्यासोबत बसून चाळा आणि ती म्हणतील ते काढा.

अजनी_फलाट

आजी-आजोबा पुण्यात, मावशी अमेरिकेत, त्यांनी काय करायचं? स्टेटस ठेवलं नाही तर ‘आम्हाला नातवंडं दाखवत नाही’ म्हणून रुसवा.

विदा_सांभाळ

अजनी भाऊ, त्याला सोपा मार्ग आहे, पंधरा मिनिटांचं काम. गूगल फोटोजमध्ये शेअर केलेला अल्बम करा आणि माणसं थेट त्यांच्या खात्याच्या ईमेलने जोडा. मग अल्बमच्या ऑप्शन्समध्ये जाऊन ‘लिंक शेअरिंग’ बंद करा. ते चालू असेल तर लिंक ज्याच्या हाती पडेल तो अल्बम उघडू शकतो, आणि आजीच्या फोनवरून लिंक भजनी मंडळाच्या ग्रुपवर जायला वेळ लागत नाही. तिथेच फोटोंचं लोकेशन दाखवण्याचंही बटण असतं, तेही बंद. आजीच्या फोनच्या पहिल्या पडद्यावर अल्बमचा शॉर्टकट ठेवून द्या, म्हणजे तिला शोधत बसावं लागत नाही.

व्हॉट्सॅपचं स्टेटस ठेवायचंच असेल तर ‘ओन्ली शेअर विथ’ निवडून दहा-बारा माणसं ठरवा. ‘माय कॉन्टॅक्ट्स’ म्हणजे दूधवाला, जुना घरमालक, गॅस एजन्सी, एकदा भेटलेला दलाल, नंबर साठवलेले सगळे. चोवीस तासांत स्टेटस जातं हे खरं, पण स्क्रीनशॉट घेतल्याचं व्हॉट्सॅप तुम्हाला कळवत नाही. शाळेच्या ग्रुपवर शेकडो माणसं असू शकतात, मर्यादाच १,०२४ ची आहे. तिथे आलेला फोटो प्रत्येकाच्या गॅलरीत आपोआप उतरतो आणि तिथून त्यांच्या क्लाउडवर. म्हणून ‘डिलीट फॉर एव्हरीवन’ केलं की काम झालं असं धरू नका. ग्रुपच्या अ‍ॅडमिनने ‘अ‍ॅडव्हान्स्ड चॅट प्रायव्हसी’ चालू केलं, तर आपोआप उतरणं आणि चॅट बाहेर काढणं थांबतं, स्क्रीनशॉट मात्र थांबत नाही.

यूट्यूबवर ‘अनलिस्टेड’ आणि ‘प्रायव्हेट’ एकच समजू नका. अनलिस्टेड म्हणजे लिंक असेल तो बघेल, आणि कुणी तो व्हिडिओ आपल्या जाहीर प्लेलिस्टमध्ये टाकला तर अनोळखी लोकांनाही सापडेल. प्रायव्हेट म्हणजे तुम्ही ईमेलने बोलावलेलेच.

जुनं आवरायला: फेसबुकवर सेटिंगमध्ये ‘लिमिट पास्ट पोस्ट्स’ आहे, एका दाबात जुन्या सार्वजनिक पोस्ट फक्त मित्रांपुरत्या होतात. इन्स्टा खातं खासगी केल्यावर आधीचे फॉलोअर तसेच राहतात, त्यांना एकेक करून काढावं लागतं. त्यांना तसा संदेश जात नाही.

बर्डी_हिशेब

घरगुती फोटोंबद्दल वर उत्तम झालं. लेकराच्या नावाने चॅनल चालवून पैसे येतात तिथे प्रश्न वेगळ्या जातीचा होतो, तो मांडतो.

मुलाला कॅमेऱ्यापुढे उभं करून उत्पन्न मिळत असेल तर ते काम आहे, भले ते स्वयंपाकघरात चालत असो. बालमजुरी कायद्यात २०१६ ला दुरुस्ती झाली आणि २०१७ च्या नियमांत बालकलाकारांच्या अटी आल्या: दिवसात पाच तासांपेक्षा जास्त काम नाही, विश्रांतीशिवाय सलग तीन तासांपेक्षा जास्त नाही, सलग २७ दिवसांपेक्षा जास्त नाही, आणि उत्पन्नातला किमान २० टक्के भाग मुलाच्या नावाने राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेव. हे नियम मालिका-जाहिरातींचे निर्माते डोळ्यासमोर ठेवून लिहिले आहेत, घरच्या चॅनलवर कुणी तपासायला येत नाही. म्हणून घरानेच ते स्वतःला लावून घ्यावेत. माझ्या मते २० टक्के ही खालची पायरी आहे. चेहरा, आवाज, बालपण लेकराचं. कॅमेरा-वीज-एडिटिंगचा खर्च वजा जाता उरलेलं बहुतांश त्याचंच असायला हवं. फ्रान्सने २०२० मध्ये, अमेरिकेतल्या इलिनॉय राज्याने जुलै २०२४ पासून मुलाचा वाटा बाजूला ठेवणं सक्तीचं केलं. मिनेसोटाने तर जुलै २०२५ पासून १४ वर्षांखालच्या मुलांच्या अशा कामावरच बंदी आणली.

व्यवहारात चुकतं ते असं. अज्ञान, म्हणजे १८ वर्षांखालच्या व्यक्तीचा करार १९०३ च्या मोहरीबीबी निकालापासून मुळातच रद्दबातल धरला जातो, त्यामुळे ब्रँडशी करार आईबाबांच्या नावाने होतो, पैसे त्यांच्या खात्यात येतात आणि मुलाच्या कमाईची कुठे नोंदच राहत नाही. मुलाचं पॅन काढा, पालकासह त्याचं खातं उघडा, महिन्याचा हिशेब वहीत लिहा. आयकरात मुलाचं उत्पन्न एरवी पालकाच्या उत्पन्नात मिळवतात, पण त्याच्या स्वतःच्या कौशल्यातून किंवा कलेतून आलेलं उत्पन्न त्याचंच धरतात. सीएला हे आधीच सांगा.

बाळांच्या वस्तूंची जाहिरात करणाऱ्यांनी एक कायदा वाचलाच पाहिजे: १९९२ चा शिशुदूधपर्यायी पदार्थ, दुधाच्या बाटल्या व शिशुआहारविषयक कायदा, २००३ च्या दुरुस्तीसह. दोन वर्षांपर्यंतच्या बाळांचं डब्याचं दूध, पावडरी, तयार आहार आणि बाटल्या यांची जाहिरात कुणीही करायची नाही. ‘कुणीही’मध्ये रील करणारी आईसुद्धा येते. फुकट आलेल्या बाटलीचं कौतुकही धोक्याचं.

महालची_लेक

बर्डी भाऊ, पैशाआधीची एक खूण सांगते. ‘परत एकदा पड, नीट आलं नाही’ असं ज्या दिवशी आपण लेकराला म्हणतो, त्या दिवशी ते चित्रीकरण झालं. हसू दुसऱ्यांदा मागावं लागलं की थांबायचं. पहिल्यांदा दूध प्यालं, पहिल्यांदा चाललं, ते क्षण कॅमेऱ्याच्या सोयीने पुन्हा घडवून आणायचे नसतात.

फोटो चोरीला गेला किंवा त्यात फेरफार झाला तर काय करायचं, तेही इथेच नोंदवून ठेवते.

आधी पुरावा: पानाचा पूर्ण पत्ता, खात्याचं नाव, तारीख-वेळ दिसेल असा स्क्रीनशॉट. समोरच्याशी भांडू नका, तो खातं पुसून पळतो. मग त्या मंचावर ‘रिपोर्ट’, आणि सोबत त्यांच्या भारतातल्या तक्रार अधिकाऱ्याला ईमेल. असा अधिकारी नेमणं २०२१ च्या नियमांनी बंधनकारक आहे, आणि नग्नतेची किंवा मॉर्फ केलेली चित्रं हटवायला त्यांना आधी २४ तास मिळत, फेब्रुवारी २०२६ पासून जास्तीत जास्त दोन तास मिळतात. साधा फोटो गूगलच्या शोधात येत असेल, तर २०२१ पासून १८ वर्षांखालच्या मुलाचा फोटो शोधातून काढण्याची विनंती पालकांना करता येते. त्याने शोधातून जातो, मूळ पानावरून जात नाही, म्हणून दोन्हीकडे अर्ज करा. नग्न किंवा लैंगिक चित्र असेल तर ‘टेक इट डाउन’ ही मोफत सेवा आहे. ती तुमच्याच फोनवर चित्राचा आकडी ठसा काढते, चित्र कुठेही जात नाही, आणि सहभागी मंच त्या ठशाशी जुळणारी प्रत शोधून हटवतात. चित्र कापलं किंवा बदललं तर ठसा बदलू शकतो, म्हणून सापडेल त्या प्रत्येक प्रतीचा ठसा वेगळा द्या.

पोलिसांकडे: सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन या राष्ट्रीय पोर्टलवर मुलांविषयीची तक्रार नाव न देताही करता येते. पुढे शहराच्या सायबर पोलीस ठाण्यात किंवा जवळच्या ठाण्यात. मुलांसाठीची मदतवाहिनी १०९८.

जिल्हाकोर्ट_कट्टा

ताईंच्या यादीत ठळक अक्षरांत एक भर घालतो. चित्र लैंगिक स्वरूपाचं असेल तर ते ‘पुरावा’ म्हणून मंडळाच्या, नातेवाइकांच्या किंवा वकिलाच्या व्हॉट्सॅपवर पाठवू नका, आणि त्या चित्राचा स्क्रीनशॉटही काढू नका. पाठवणं हेच कलम ६७बच्या कक्षेत येतं, हेतू कितीही चांगला असो. पानाचा पत्ता आणि खात्याचं नाव लिहून घ्या, चित्र आहे तिथेच पोलिसांना दाखवा. असा गुन्हा कळल्यावर गप्प राहणं हाही पॉक्सोच्या कलम १९ आणि २१ खाली गुन्हा आहे.

इतवारीकर

धागा पूर्ण वाचला. माझा आग्रह कौतुकाचा होता, तो कायम आहे, पण त्यासाठी फेसबुकच लागतं असं नाही. तान्ह्या पोळ्याच्या मांडवात फळा लावा. खडूने मोठ्या अक्षरांत बक्षीसपात्र लेकरांची पूर्ण नावं लिहा, फळ्याजवळ आजी-आजोबांना बसवा, पोरांच्या हातात बक्षीस द्या. जो आला तो बघेल, नाव घेईल, पाठ थोपटेल. रात्री फळा पुसायचा. कागदी प्रमाणपत्रावर पूर्ण नाव लिहा, ते घरात फ्रेम करून लागेल. नेटवर नंदीचे फोटो जाऊ द्या. तसंही सजावटीच्या स्पर्धेत नंबर नंदीचा येतो.

गोरेवाडा_वाट

इतवारीकर दादा, फळ्याचं तसंच्या तसं घेतलं. सगळ्यांचं मिळून सूचनापत्र असं केलं आहे:

‘तान्हा पोळा. नोंदणी करताना पालकांनी चार चौकटींचा संमतीचा कागद भरावा. “नाही” लिहिणाऱ्या घरातील मुलांना पिवळी फीत बांधली जाईल. मंडळाच्या पानावर फक्त नंदीचे, सजावटीचे आणि चेहरा न दिसणारे फोटो येतील. विजेत्यांची नावे मांडवातील फळ्यावर. सर्व मुलांचे फोटो फक्त नोंदणी केलेल्या पालकांच्या बंद अल्बममध्ये, ३० दिवसांसाठी. नंतर अल्बम पुसला जाईल. दुसऱ्याच्या मुलाचा फोटो स्टेटसला ठेवण्याआधी त्याच्या आईबाबांना आणि त्या मुलाला विचारावे. मांडवामागे गाड्या उभ्या करू नयेत. फोटोंची जागा कमानीपासून दूर, कापडी पडद्यासमोर.’

बालवाडी_ताई

फीत पिवळी नको. “नाही” वाल्यांनाच फीत बांधली तर ती लेकरं वेगळी पडतात आणि “मलाच का?” विचारतात. सगळ्यांना फीत बांधा, दोन रंगांच्या, आणि रंगाचा अर्थ फक्त फोटोवाल्याला सांगा.

अजनी_फलाट

माईकचंही बघा. कुणी ना कुणी फेसबुक लाइव्ह लावतंच, आणि निवेदक ‘वर्ग पहिला, अमुक शाळा’ म्हणत नावं पुकारत असतो. व्हिडिओत चेहरा नसला तरी आवाज जातो.

गोरेवाडा_वाट

दोन्ही बदल केले. फिती केशरी आणि हिरव्या, सगळ्यांना. माईकवर फक्त पहिलं नाव आणि नंदीचा क्रमांक. शाळा, वर्ग, आडनाव नाही. निवेदकाला ही चिठ्ठी आदल्या दिवशीच देतो.